नववा खर्डा

पहिल्या खर्ड्यात म्हातारा चेरीच्या झाडावर चढतो.
ते मी स्पाससाठीच लिहिलं होतं.
तेव्हा तो चौसष्टचा होता,
पैज लागली की नाट्यगृहामागची भिंत
कोट न काढता ओलांडायचा.

समिती म्हणाली, पुढच्या सत्रात या.
पुढच्या सत्रात समितीच बरखास्त झालेली.

तिसऱ्या खर्ड्यात म्हातारा शिडी लावतो
(स्पासचा गुडघा).
त्या काळात मी तुर्की मालिका बल्गेरियनमध्ये आणत होते,
ओठ मिटायच्या आत संपतील एवढीच वाक्यं.
इस्तंबूलच्या सासवा माझ्या आईच्या शिव्या द्यायच्या.
माझं भाडं त्यांनी भरलं,
सहा वर्षं.

लक्झेंबर्गच्या सहनिर्मात्याने समासात विचारलं :
दृश्य चाळीस. मुलगा म्हणतो घर विकू या, बाप मान हलवतो.
म्हणजे होय की नाही?
आमच्याकडे उभी म्हणजे नाही,
आडवी म्हणजे होय.
हे त्याला तीन पत्रांतून समजावलं
आणि शेवटी मीच गोंधळले.
स्पासला फोन केला.
तो म्हणाला, "लिही, मान हलत नाही.
हल्ली हलवली की गरगरतं."
हा पाचवा.

सातव्यात म्हातारा खाली बसतो आणि नातू चढतो.
पण विदिनकडच्या त्या गावात
चढण्याजोगं एकही मूल सापडेना.
नातवाला मी स्पेनला पाठवलं,
चेरी पाखरांना दिल्या.

पैसे मंजूर झाले, नोव्हेंबरात.
झाडावर पानसुद्धा नव्हतं.
मी आठव्यातून "लाल" हा शब्द सगळीकडून काढला.

त्याच आठवड्यात स्पास गेला.
दारावर, खांबावर, बस थांब्यावर लावायचा कागद
मी लिहावा, असं त्याची मुलगी देस्पिना म्हणाली,
"तुला सवय आहे."
फोटो चौसष्टचा निवडला, टोपीतला.
मजकूर लिहून दिला.
तिने दोन ओळी कापल्या, लांब होतंय म्हणाली.
बरोबर होतं तिचं.

नवव्यात झाड आहे, खाली खुर्ची आहे.
एकोणीस दिवसांत चित्रीकरण उरकलं.

सोफियात मॉलमधल्या दुपारच्या खेळाला अकरा जण,
त्यातला एक झोपलेला.
बाहेरदेशी मात्र बक्षीस.
मंचावर एका बाईने विचारलं,
ती रिकामी खुर्ची म्हणजे
ओस पडत चाललेला तुमचा देश ना?
मी मान हलवली. उभी.
टाळ्या झाल्या.

परतले तेव्हा बस थांब्यावरच्या त्याच्या कागदावर
कुणीतरी वॉशिंग मशीन दुरुस्तीची जाहिरात डकवलेली.
टोपी तेवढी वर दिसत होती.
नखाने सोलून पाहिलं.
दोन्ही एकदमच निघायला लागले,
मग राहू दिलं.