पंचनाम्यातला रंग

गुट्टे हवालदार म्हणाले, चला शेठ,
पंच म्हणून सही लागतीय.
गल्ल्याला कुलूप घातलं, चावी खिशात.

वसमतच्या मोंढ्यामागं, हळदीच्या जुन्या गोदामात
पोत्यांच्या थप्पीआड एक दार,
अन् दारामागं
भर दुपारी बारा वाजता
तो उजेड.

अठ्ठावीस रोपं, डिस्टेंपरच्या रिकाम्या बादल्यांत.
वर दिव्यांच्या पट्ट्या, मक्याच्या दाण्यागत बारीक.
फरफरणारा एक पंखा.
पानं हिरवी नव्हतीच तिथं,
काळपट दिसत होती,
भिजल्या गोणपाटासारखी.

"लिहा," साहेब म्हणाले, "प्रकाशाचा रंग..."
गुट्ट्यांचा पेन थांबला.
सगळे माझ्याकडं बघाया लागले.
एकतीस वर्षांचं मॅचिंग सेंटर माझं.
राणी, अंजिरी, डाळिंबी, वांगी,
पदराचा सुटा दोरा बघून
अस्तर काढून देणारा मी
डोळे चोळत उभा.

नागनाथ भिंतीला टेकून उकिडवा.
आयटीआयचा पोरगा. मागल्या दिवाळीत
माझ्या दुकानातल्या ट्यूबा काढून
ह्यानंच एलईडी बसवले.
मजुरी घेताना दहा रुपये परत दिले होते.
"काका," तो हळूच म्हणाला,
"ह्यांनी ऊन बघितलंच नाही कधी."

"वांगी," मी म्हणालो.
गुट्ट्यांनी लिहिलं. मी सही केली.

मग एकेक बादली बाहेर आली
अन् उन्हात निघाली
नुसती हिरवी,
शेपूच्या जुडीसारखी.

संध्याकाळी कुरुंद्याची एक बाई
ब्लाउजपीस घेऊन दिव्याखाली उभी.
आतल्या उजेडात रंग फसवतो, ताई,
पायरीवर जाऊन बघा, म्हणालो,
रोजच्यासारखं,
अन् पुढं
कात्री कुठं ठेवली
तेच आठवेना.