पाहणी

अमळनेरात मला तीनदा पाहून गेले.
पहिले चोपड्याचे. चालून दाखव म्हणाले.
चालले, ओसरीच्या या खांबापासून त्या खांबापर्यंत.
दुसऱ्यांनी सुईत दोरा ओवायला लावला.
तिसऱ्यांची म्हातारी जाताना दारात आईला म्हणाली,
पोर गुणनी शे, पन डोया खाले करत नही.

त्या एका वाक्यावर पुढे एकतीस वर्षं माझी चूल पेटली.

मुंबईला गेले ती टायपिस्ट म्हणून.
टेलिव्हिजन नवा. नाटकं स्टुडिओत व्हायची,
आणि नट सगळे रंगमंचावरचे,
शेवटच्या रांगेला ऐकू जाईल असे रडणारे.
कॅमेरा हातभर अंतरावर.
निर्माते वैतागले, जज्ज पाहिजे, जज्ज वाटेल असा.
मी टाइप करता करता म्हटलं,
आमच्याकडे गिरणीत एक टाइमकीपर आहे.

झिपरू आत्माराम बडगुजर.
उशिरा आलेल्या कामगाराकडे तो बघायचाच नाही.
आधी घड्याळाकडे, मग रजिस्टरकडे,
मग दौतीत शाई किती उरली आहे तिकडे.
तोवर माणूस आपसूक कबूल व्हायचा.
चार दिवस बिनपगारी रजा काढून आला,
धाकट्या भावाच्या लग्नातला कोट घालून.
मी त्याला काहीच शिकवलं नाही.
समोर एक घड्याळ ठेवलं.

माझ्या कामाला नाव नव्हतं.
व्हाउचरवर लिहायचे, किरकोळ : द्वारका भावसार,
चहाच्या खाली, भाड्याच्या कंदिलांच्या वर.

आमचं घर रंगाऱ्यांचं.
ओलं कापड उन्हात धरून वडील सांगायचे,
वाळल्यावर हा रंग किती उतरेल.
मी माणसं तशी धरायची.
दार उघडायला स्वतः जायची, म्हणजे चाल दिसायची.
चालून दाखव, असं कुणाला म्हटलं नाही.
नकार तोंडावर द्यायची, तिथल्या तिथे.
पत्राने कळवतो म्हणणाऱ्यांच्या पत्राची
आईने किती दुपारी वाट पाहिली, मला माहीत होतं.

तरी एकदा.
धरणगावची विमल कासार, सुनेच्या भूमिकेसाठी आलेली.
मी वहीत लिहिलं, डोळे खाली जात नाहीत,
आणि पुढच्या नावाकडे वळले.
रात्री भाकरी मोडताना हात थांबला.
सकाळी पत्र टाकलं, पुन्हा ये.
महिन्याने ते परत आलं, पाकिटावर
पोस्टमनच्या अक्षरात : लग्न होऊन गेली.
ते पाकीट मी फोडलं नाही. माझंच होतं, काय फोडायचं.

झिपरूचा जज्ज मुंबईत पाहिला लोकांनी.
अमळनेरात तेव्हा टीव्हीचं चित्रच पोचत नव्हतं.
मी सुट्टीत घरी आले, त्याच्या बायकोला सांगितलं,
अहो, काय बसले होते खुर्चीत!
ती तांदूळ निवडत म्हणाली,
तुमी सांगतस ते खरं व्हई. आमी काय दखं?
दाखवायला मी टेप मागायला गेले.
टेप महाग, तिच्यावर दुसरं भरलेलं होतं.
कपाशीवरची बोंडअळी, तज्ज्ञांशी चर्चा, अर्धा तास.
त्या अळीखाली कुठेतरी आमचा झिपरू
अजून दौतीकडे बघत असेल.

आता मी इथेच. गुडघे गेले, डोळे आहेत.
गल्लीतले म्हणतात, मावशी, पाहणीला चला,
तुम्हाला माणूस कळतो.
परवा गेले, मुलाकडची म्हणून.
पोहे झाले. शेव संपली.
मुलाच्या काकांनी घसा खाकरला,
जरा चालून दाखव म्हणावं तिला.

मी म्हटलं, आधी हा चालेल.

सगळे हसले. मी हसले नाही.
मुलगा उठला बिचारा, पँट झटकली,
दारापासून कपाटापर्यंत गेला, परत आला.
मुलीने मान वर केली आणि नीट बघितलं.
माझ्याकडे वळून विचारलं, कसा वाटला?

जज्जाचं काम नाही जमणार, म्हटलं.
शेजाऱ्याचं जमेल.