हातबॉम्ब बंद

बर्फाच्या कारखान्यात रात्रपाळीला मी एकटा,
आणि देवगडातलं त्यातल्या त्यात बरं वायफाय माझ्या खुर्चीमागे.
म्हणून खोली माझी.
परवलीचा शब्द मी ठेवतो, दर शनिवारी बदलतो.
गेल्या वेळी ‘बांगडा’ होता, या वेळी ‘मुडदुशे’,
जो लिहिताना विरारचा पार्थ तीनदा चुकला.

साडेदहाला पडद्यावर एकेक दिवा लागतो.
मुनाफ विजयदुर्गातून, जॉयसन मालवणातून,
रसिका दोन घरं पलीकडून, माईक बंद ठेवून,
कारण तिच्या आईला वाटतं ती झोपलीय.
गौरेश सगळ्यात शेवटी.
त्याला आधी आबांना जेवायला वाढायचं असतं.

डाव सुरू व्हायच्या आधी यादी उघडते.
हत्यारांच्या नावांपुढे बारकी बटणं,
हिरवी नाहीतर करडी.
लांब पल्ल्याची रायफल मी करडी करून ठेवलीय,
कारण मुनाफ ती घेऊन एकदा पाण्याच्या टाकीवर चढला
की कोंबडा आरवेस्तोवर उतरत नाही
आणि आम्ही खाली
वाळत टाकलेल्या बोंबलांसारखे.
शॉटगन रसिकाच्या हट्टापायी चालू.
गाड्या बंद. का बंद, ते आता कोणालाच आठवत नाही.

हातबॉम्ब बंद.
हे बटण मी पहिल्याच दिवशी दाबलं
आणि कोणी काही विचारलं नाही.
जेटीवर फलक आहे, जाळ्याचा आस किती असावा याचा.
तो कोणी वाचत नाही, पाळणं तर लांबच.
हा न लिहिलेला मात्र तीन वर्षं सगळ्यांनी पाळला.

पार्थने विचारलं. पार्थला काय ठाऊक.
‘अरे, बॉम्बशिवाय कसली मजा? चालू कर ना.’
मग सगळ्यांच्या कानांत फक्त कॉम्प्रेसरची घरघर,
माझ्याकडून निघून मालवणापर्यंत जाणारी.
जॉयसन म्हणाला, नेट गेला वाटता.
नेट कुठेही गेलं नव्हतं.

आबांचा डावा हात मनगटाशी संपतो.
खाडीचं वळण, जिलेटिनची कांडी, आखूड वात,
आणि दीड टोपली बोई, जी नंतर कोणी उचलली नाही.
आता जाळं शिवताना ते दोरा दातांत धरतात,
त्यामुळे दिवसभर बोलायचं राहून जातं.

‘माझ्यासाठी बंद ठेवलंस ना?’
गौरेशचा आवाज.
मी म्हटलं, तसा काय नाय.
‘माका म्हायत आसा. चालू कर मरे.’

बटण हिरवं झालं.
माझं बोट बर्फाच्या लादीवर विसरल्यासारखं.

त्या डावात प्रत्येकाच्या कमरेला दोन बॉम्ब होते.
पार्थने एक काढला, हातात धरला, परत ठेवला.
मुनाफ उगाच पिस्तुलाने पत्रा वाजवत राहिला.
रसिका केव्हा मेली ते आम्हाला कळलंच नाही.

गौरेश नकाशाच्या टोकाला गेला.
तिथे एक धक्का आहे, आमच्यासारखाच,
फक्त त्याला वास नाही.
कडेला उभं राहून त्याने पिन ओढली
आणि बॉम्ब पाण्यात टाकला.
पांढरा खांब उठला, बसला.
मग दुसरा.
तो बघत थांबला, बराच वेळ,
आणि आम्ही बंदुका खाली करून त्याच्या मागे.

त्या समुद्रात मासे घालायचं कोणाला सुचलेलं नाही.
काहीच वर आलं नाही.

‘बघलंस?’ तो म्हणाला. हसला की काय, कळलं नाही.
‘जातंय. आबांची गोळी देवची रवली.’
त्याचा दिवा विझला.

चार वाजता पहिली गाडी येते, लाद्या मोजून द्याव्या लागतात.
तोवर यादी उघडी ठेवून मी बसलो.
पुढच्या शनिवारसाठी ‘बोई’ लिहिलं,
खोडलं, ‘तिसऱ्या’ लिहिलं.
बटण हिरवंच आहे.
करडं करावं, तर आता कोणाच्या नावाने करू?