चौथ्या डब्याचं लेबल

एबे क्लिटगोर, वय एक्क्याऐंशी.
डाव्या डोळ्यानं काही दिसत नाही,
उजव्यानं मांडवी.
रायबंदरच्या धक्क्यावर आम्ही फेरीबोटीची वाट बघतोय.
महोत्सवाची गाडी वर रस्त्यावर,
महोत्सवाचा बिल्ला त्याच्या खिशात उलटा.
साडेचारला पणजीत सत्कार आहे
आणि तो म्हणतो, आधी पलीकडं.

पत्रकात त्याचं आयुष्य अर्ध्या पानाचं.
डेन्मार्कच्या पश्चिम किनाऱ्यावरचं गाव,
बाप मासळीला धुरी द्यायचा.
पोराच्या शर्टाला बारा महिने धूर,
शाळेत शेजारी कुणी बसेना,
म्हणून थेटरात जाऊन बसायचा,
तिथं सगळ्यांनाच सिगारेटचा वास.
हे पत्रकात नाही. हे त्यानं मला सांगितलं
वाळत घातलेल्या बांगड्यांकडं बघत.

पत्रकात अकरा चित्रपट, दोन लग्नं,
मध्ये नऊ वर्षं कोरी.
तेव्हा काय केलंत?
लोणी विकलं, म्हणाला.
तीस सेकंदांच्या गाई, भलतंच हिरवं गवत.
माझं सगळ्यात जास्त लोकांनी पाहिलेलं काम.

मी शाणू नार्वेकर, म्हापशाला मशीन चालवायचो.
त्र्याऐंशीचा जुलै, रविवार सकाळ,
सोसायटीच्या खेळाला प्राध्यापक तळावलीकर
स्वतः दारात उभे राहून तिकिटं फाडत होते.
मुंबईहून आलेल्या पेटीत ओलीनं गोंद खाल्लेला.
तीनचं लेबल तळाशी चिकटलेलं,
चारचं कुठंच नाही,
फितीचं तोंडही आधीच कुणी कापलेलं.
मी दोन्ही डबे नारळासारखे कानाशी हलवले
आणि लावले अंदाजानं.

आई मेली. आरशावर कापड,
बर्फात खणणारी दोन माणसं.
मग पुढचं रीळ लागलं
तर आई चुलीपाशी बटाटे सोलतेय
आणि मुलाला विचारतेय, पाव आणलास?

खाली चाळीसेक माणसं. कुणी हूं की चूं केलं नाही.
चहा पिताना तळावलीकर अर्धा तास
स्मृती आणि काळ यावर बोलले म्हणे.
मी खोलीतून खाली उतरलोच नाही.

कुणाला सांगितलं नव्हतं. आज त्याला सांगितलं
मोडक्या इंग्रजीत, क्रियापदं मागंपुढं,
म्हणजे पुन्हा तेच.

बोट लागली. स्कूटरी, गॅसचे सिलिंडर,
पिशवीतून मान काढलेला एक कोंबडा.
तो गप्प. वाटलं, चिडला.
नदीच्या मध्यावर त्यानं विचारलं,
मेल्यावर ती किती वेळ होती?
एकोणीस मिनिटं, मी म्हणालो. अख्खं रीळ.

तो चित्रपट केला तेव्हा आई होती, म्हणाला.
बघून म्हणाली, मी एवढी बारीक नाही रे.
खरी गेली ती चार वर्षांनी.
तार आली तेव्हा मी क्रेनवर होतो,
खाली शंभर माणसं, मिठाचा बर्फ.
म्हटलं, हा शॉट होऊ दे.
मग म्हटलं, अजून एक.

दिवाडीला बोट उताराच्या अलीकडंच थांबली.
खलाशी ओरडला, सुकती आसा, पांय सांबाळ!
काय म्हणतोय?
ओहोटी आहे, जपून.
तो हसला, पहिल्यांदा.
आमच्या भाषेत एबे म्हणजे ओहोटीच,
चांगला ओळखतो की हा मला.

त्यानं बूट काढले, मोजे बुटांत कोंबले.
मी त्याच्या डाव्या बाजूला,
न दिसणाऱ्या, चालत राहिलो चिखलातून.
माझ्या खिशात महोत्सवाच्या विल्माचा फोन थरथरत होता.
काठावर एक बाई विळीवर मासे चिरत होती,
तिनं मान वर केली नाही.
तो तिच्यासमोर उभा राहिला,
एवढा वेळ, की कोंबडा घेतलेला माणूसही थांबला.

परतीची बोट कधी?
वीसेक मिनिटांनी.
बरं, म्हणाला,
आणि चिखलाच्या पायांनीच खाली बसला.