दृष्टीआड

सालिकचा जन्म मे महिन्यातला,
रात्री दोन वाजता, लख्ख उन्हात.
इलुलिसाटला तेव्हा सूर्य मावळत नाही;
अंधार म्हणजे फक्त स्वतःच्या पापण्या.

पाच महिन्यांचा झाला तेव्हा मी त्याच्यापुढे चमचा ठेवला,
चमच्यावर सीलच्या कातड्याचा हातमोजा.
संपला चमचा. जगातूनच गेला.
सालिक माझ्या चष्म्याकडे वळला.
मी रकान्यात लिहिलं: शोधत नाही. वयाला धरून.
दृष्टीआड सृष्टी, म्हणतो आपण.
त्याच्या दृष्टीआड सृष्टीच नव्हती.

एनोक माशांच्या मागे आठ-आठ दिवस घराबाहेर.
बाप गेला तरी पोर हसतंय.
नुका म्हणायची, बरंय बाई, याला आठवण येत नाही,
आणि खिडकीची काच पुसत राहायची,
पुसलेलीच.

नोव्हेंबर सरताना सूर्य खाली गेला तो वर आलाच नाही.
कुणी काही बोललं नाही. दिवे लावले.
दिव्याखाली सालिक चमचा पाडायचा,
खणकन आवाज ऐकायचा,
नुका उचलून द्यायची, की पुन्हा.
सत्तर वेळा. ऐंशी वेळा.
कंटाळा आम्हाला होता, त्याला काम होतं.
टाळूच्या त्या मऊ, धडधडत्या जागेखाली
कुणीतरी दोऱ्या बांधत होतं,
न लागणाऱ्या कापून टाकत होतं.
गळ ओवणाऱ्याला विचारू नये, कुठला मासा.

जानेवारीत पुन्हा तोच मोजा.
सालिक थांबला.
माझ्याकडे बघितलं. मोज्याकडे बघितलं.
आणि झटक्यात मोजा उडवला,
तर चमचा तिथेच!
असा हसला, जणू त्यानेच तो घडवला होता.

त्याच रात्री नुका पलीकडच्या खोलीत गेली, पाणी आणायला,
आणि तो रडला.
भुकेचं नाही, ओल्या लंगोटाचं नाही,
हे रडणं नवीन होतं, दाराकडे तोंड करून.
आई आहे,
आणि इथे नाही:
दोन्ही एकदम कळलं होतं त्याला.
नुकाचा फोन आला, काय बिघडलंय याचं?
म्हटलं, काही नाही गं. बरोबर चाललंय.
फोन ठेवल्यावर मी उगाच
माझ्या रिकाम्या घरातले दिवे मोजले.

तेरा तारखेला सगळं गाव टेकडीवर, सूर्य बघायला.
ढग होते. दिसला नाही.
तरी लोक थांबले, नाक लाल होईपर्यंत,
मग कॉफीला गेले.
सालिक आईच्या पाठीवरच्या टोपड्यातून
सगळ्यांच्या उलट्या बाजूला बघत होता,
बर्फाकडे,
जिकडे एनोक गेलेला,
जिथे आत्ता काहीच दिसत नव्हतं.

माझ्या वहीत याला रकाना नाही.