दहा किलोच्या खालचं

सावद्याच्या रस्त्याला फेगड्यांचा वजनकाटा.
साठ टनांपर्यंत मोजतो,
दहा किलोच्या खालचं त्याला काही कळत नाही.
केबिनमध्ये मी, एक टेबलफॅन, पावतीपुस्तकं
आणि मे महिना.

तो दाराच्या फटीतून आत आला तेव्हा
बाहेर सेहेचाळीस होतं.
मी चप्पल उचलली.
त्यानं एका डोळ्यानं माझ्याकडे पाहिलं,
दुसरा डोळा चपलेवर.
घसा उडत होता, तान्ह्या मुलाच्या टाळूसारखा.
चप्पल मी परत पायात घातली.

पहिले आठ दिवस नुसतं पाणी.
काचेवर बोटांनी थेंब उडवायचे
आणि न बघता पावत्या फाडत बसायचं.
वाटीतलं पाणी त्याला पाणी वाटत नाही,
चमकलं, ओघळलं, तर जीभ बाहेर येते.

मग मुंगळे. मग केळीच्या पानातले टोळ,
हमालांतला रमजान तडवी काडेपेटीत घालून आणायचा.
'बाई, तुमचं लेकरू काय खाऊन ऱ्हायलं आज?'
हसायचा, पण टोळ जिवंतच आणायचा.

हात शिकायला मात्र महिना गेला.
वरून आलेला हात म्हणजे शिक्रा.
आधी सावली येते,
अंग आपोआप चोरलं जातं,
हात पोचतो नंतर.
हे मला कुणी शिकवायला नको होतं,
भुसावळला सहा वर्षं संसार केला आहे मी.

म्हणून हात खालून.
टेबलाला टेकवलेला, उताणा,
वाळल्या फांदीसारखा.
फांदी कुणाला बोलावत नाही.
वीस मिनिटांत कोपरापर्यंत मुंग्या येतात.
बाहेर दिल्लीचा माल, ड्रायव्हर हॉर्नवर बसलेला;
एका हातानं खिडकीतून पावती द्यायची,
दुसऱ्यानं फांदीच राहायचं.

एकेचाळिसाव्या दिवशी एक पंजा.
मग थांबला, इतका वेळ
की मला वाटलं विसरला.
मग बाकीचा सगळा.
बारीक नखं, टोचत नव्हती, धरत होती.
पोट खोलीइतकंच ऊन.
मी श्वास कसा घेत होते आठवत नाही.

आणि मग मीच घाण केली.
फेगड्यांचा नातू आला जळगावहून,
'दाखव ना, दाखव ना,'
मी मूठ मिटली.
एवढंच.
अंगठ्याला चावा, टेबल, खिडकी, निंब.
सोळा दिवस केबिनमध्ये फक्त पंखा.

'सरडाच तो,' शेठ म्हणाले, 'रंग बदलणारच.'
मी काही बोलले नाही. अंगठ्यावर हळद होती.
रंग कुणी बदलला
ते मला माहीत होतं आणि त्याला.

थेंब मात्र उडवत राहिले काचेवर.
मिनिटभरात वाळायचे, डाग राहायचे.
शेठ म्हणाले, काच पुसत जा.

परत आला तेव्हा आषाढ कोरडाच चालला होता.
डोकं लालभडक, नवरदेवासारखं,
हाताकडे ढुंकूनही न बघता
काट्याच्या आकड्यांवर चढून बसला.
रीडिंग दिसेना.
तीन ट्रक मी तोंडानंच थांबवले.

परवा दुपारी रस्ता रिकामा होता.
त्याला खांद्यावर घेऊन मी बाहेर गेले,
तापलेल्या लोखंडावर उभी राहिले,
जिथे केळीच्या गाड्या राहतात.
रमजान आतून ओरडला, 'पन्नास!'
मग हा उतरला, पायावरून, सावकाश,
निंबाकडे निघाला, कुंपणाखालून.
'आता?'
'पन्नासच! काटा बिघडला का काय, बाई?'

मी जरा वेळ तिथेच उभी राहिले.
तळवे भाजत होते, चप्पल आत राहिली होती.