वाऱ्याच्या खालून

तेसिकतासला पोचलीस की आधी सुळके बघ.
प्रत्येकाला नेढं आहे
आणि प्रत्येक नेढ्याला एक घराणं.
आमचं, म्हणे, तुरारच्या पणज्याच्या काळी
अंगठा जाईल एवढं होतं.
आता करडू आरपार जातं
आणि पलीकडून वळून बघतं,
जणू आपणच अडकलोय.

चहा ओतताना किटली कपाच्या दोन बोटं अलीकडे धर.
सातू उफणायला इथे दिवस बघत नाहीत,
मूठ उघडली की झालं.

भांडायचं तर वाऱ्याच्या वरच्या अंगाला उभं राहायचं;
शब्द आपोआप पोचतो, घसा बसत नाही.
माफी मात्र खालून मागायची.
ओरडून मागावी लागते,
म्हणून फारसं कुणी मागत नाही.

करलगाश शहरात शिकायला गेली
ती पहिल्याच दिवशी बसथांब्यावर तोंडघशी पडली.
टेकायला वाराच नव्हता.
आईशी बोलणं तुटलेलं, म्हणून पत्र तुरारला:
"इथे सगळे सरळ उभे असतात,
कशाच्या आधाराने, कोण जाणे."

काल ती आली. चार वर्षांनी.
ओराझगुल अंगणात होती, वरच्या अंगाला,
हातात मेंढीची कात्री तशीच.
काही न बोलता ती लेकीला वळसा घालून
खाली जाऊन उभी राहिली
आणि ओरडली.

आम्हांला फक्त ओठ दिसले.
करलगाशला तरी ऐकू आलं का, माहीत नाही.
तिने बॅग खाली ठेवली,
आणि हळूहळू
तिरकी झाली.